शांत देवळांची सहल : कोणाची शांतता, कोणाची गोष्ट?



आजचा विषय वाचून काही जणांनी आम्हाला आधीच विचारलं, की सहलीची कसली आलीय समीक्षा? समीक्षा पुस्तकाची होते, नाटकाची होते. सहल म्हणजे सकाळी गाडीत बसायचं, पोहे खायचे, चार देवळं बघायची आणि रात्री घरी यायचं. तिची समीक्षा काय करणार?

आमचं म्हणणं असं आहे, की मार्गदर्शकासह केलेली सहल हीसुद्धा एक रचना असते. तिला सुरुवात असते, क्रम असतो, मधे कुठे थांबायचं आणि कुठून पुढे निघायचं हे कोणीतरी ठरवलेलं असतं. काय सांगायचं हे ठरलेलं असतं, आणि काय सांगायचं नाही हेही. चाळीस माणसं दिवसभर एका माणसाचं ऐकतात आणि ते ऐकलेलं घरी नेऊन मुलांना सांगतात. विदर्भाच्या जुन्या देवळांबद्दल सामान्य माणसाला आज जे माहीत आहे, त्यातलं बरंचसं पुस्तकांतून आलेलं नाही. ते अशाच सहलींतून, गाइडच्या तोंडून आणि नंतर फोनवर फिरणाऱ्या मजकुरातून आलंय. तेव्हा त्याच्याकडे बारकाईनं बघायला हवं.

अलीकडे या सहलींना एक नवं विशेषण लागलंय. 'गर्दीपासून दूर', 'निवांत', 'अपरिचित', 'शांत' मंदिरं. ही फॅशन जगभर आहे. आपल्याकडची अनेक कुटुंबं आता कंबोडियाला जातात. अंगकोर वाट बघून झालं, की तिथला गाइड विचारतो, उद्या एक दिवस शांत मंदिरं बघायची का? मग कोह केर, बेंग मेलिया, आणखी लांब जायची तयारी असेल तर बान्ते छमार. जंगलातली, झाडाझुडपांत हरवलेली, कमी पर्यटकांची देवळं. तेच गणित आपल्याकडे आलंय. वर्ध्याहून किंवा नागपूरहून निघायचं. पवनार, केळझर, मानसर, नगरधन, रामटेक करून संध्याकाळी परत. कधी उलट्या दिशेला, हिंगणघाट तालुक्यात वर्धा नदीकाठच्या पोहण्याचं जुनं महादेवाचं देऊळ. आम्ही काही जण अशा सहलींना जातो, गाइड काय सांगतात ते लिहून घेतो आणि नंतर त्यावर आपसात बोलतो. आज त्यातलं थोडं तुमच्यासमोर मांडतो.

सुरुवात एका शब्दापासून करू. 'हेमाडपंती'.

कुठल्याही जुन्या दगडी देवळासमोर गाडी थांबली, की पहिलं वाक्य ठरलेलं. "हे हेमाडपंती मंदिर आहे. हेमाडपंती म्हणजे चुना न वापरता, दगडात दगड अडकवून बांधलेलं." सगळे मान हलवतात, फोटो काढतात, आणि गाइड चपला कुठे काढायच्या ते सांगायला लागतो. बघा, एक शब्द आला आणि बघणं संपलं.

आता हेमाद्री म्हणजे हेमाडपंत कोण? देवगिरीच्या यादवांचा श्रीकरणाधिप, म्हणजे राजाच्या दफ्तराचा प्रमुख. महादेव यादवाच्या काळात, १२६१ ते १२७१, आणि पुढे रामचंद्राच्या काळात तो होता. 'चतुर्वर्गचिंतामणि' हा त्याचा प्रचंड ग्रंथ. तो मोठाच माणूस होता यात वाद नाही. पण अंबरनाथचं शिवालय घ्या. त्याच्यावरच्या लेखातला शक आहे ९८२, म्हणजे इसवी सन १०६०. हेमाद्रीच्या आधी दोनशे वर्षं! तेही आपण 'हेमाडपंती' म्हणतो. आपल्याकडचं गडचिरोली जिल्ह्यातलं मार्कंडा, वैनगंगेकाठचं, तेही हेमाद्रीच्या आधीचं आणि घडणीनं पूर्ण वेगळं. त्यालाही लोक सर्रास हेमाडपंती म्हणतात. चुन्याशिवाय दगड रचण्याची पद्धत हेमाद्रीनं शोधली नाही, ती कितीतरी आधीपासून होती. म्हणजे 'हेमाडपंती' हा आपल्या लोकांनी 'फार जुनं, दगडाचं, आपलं' एवढ्या अर्थानं वापरलेला शब्द आहे. लोकांनी तो तसा वापरला याबद्दल आमची काहीच तक्रार नाही. तक्रार आहे ती पैसे घेऊन समजावून सांगणाऱ्यानं तोच शब्द उत्तर म्हणून द्यावा याबद्दल.

कारण त्यानं नुकसान होतं. हेमाडपंती म्हटलं की काळ ठरला, राजा ठरला, कारागिरी ठरली. मग पोहण्यासारख्या देवळासमोर कोणी विचारत नाही, की नदीकाठी इथेच देऊळ का? नदीला इथे उतार होता का, वाट होती का? दाराची चौकट आणि बाहेरची भिंत एकाच वेळची दिसते का? कुठला दगड नंतर बसवलेला वाटतो? हे सगळे प्रश्न साध्या डोळ्यांनी विचारता येतात. त्याला पदवी लागत नाही.

कंबोडियातलं एक उदाहरण इथे फार उपयोगी आहे. बान्ते स्राय नावाचं लहानसं, लालसर वालुकाश्माचं देऊळ आहे. कोरीवकाम इतकं नाजूक, की फ्रेंच अभ्यासकांना वाटलं, हे खूप उशिराचं असणार, तेराव्या-चौदाव्या शतकातलं. नक्षी इतकी भरगच्च, म्हणजे कलेचा शेवटचा टप्पा, असा तर्क. १९३६ साली तिथला स्थापनेचा शिलालेख सापडला. तारीख निघाली ९६७. तीन-चारशे वर्षांचा फरक! आणि आणखी एक गोष्ट कळली, की हे देऊळ राजानं बांधलेलंच नाही. यज्ञवराह नावाच्या दरबारातल्या विद्वानानं बांधलं. मोठमोठे अभ्यासक नुसत्या शैलीवरून इतके चुकू शकतात, तर आपण गाडीतून उतरता उतरता काळ सांगणं किती धाडसाचं!

या उदाहरणावरून आमची आजची कसोटी सांगतो. जुन्या देवळापाशी तीन वेगवेगळे आवाज असतात. दगड काय सांगतो, लेख काय सांगतो आणि लोक काय सांगतात. चांगला मार्गदर्शक हे तिन्ही ऐकवतो आणि कुठला आवाज कुणाचा ते वेगळं ठेवतो. कमी प्रतीचा मार्गदर्शक तिन्ही एकत्र घोटून एकच गोष्ट करतो. ऐकायला ती छान लागते, पण मग कशावर किती विश्वास ठेवायचा ते कळेनासं होतं.

ही कसोटी घेऊन आता पवनारला जाऊ. इथून आठ-नऊ किलोमीटर. आपल्यातले बहुतेक जण तिथे दहा वेळा गेले असतील. धाम नदी, पूल, गांधीजींच्या रक्षाविसर्जनाची छत्री, वर विनोबांचा परमधाम आश्रम. सहलीत इथे काय सांगतात? "पवनार म्हणजे प्राचीन प्रवरपूर. वाकाटक सम्राट दुसरा प्रवरसेन याची राजधानी. त्यानं इथे आईच्या इच्छेवरून रामाचं भव्य मंदिर बांधलं. त्याच्याच मूर्ती विनोबांना सापडल्या." एका दमात चार वाक्यं, चारही पूर्णविराम देऊन.

यातलं काय कुठून आलं ते बघू. प्रवरसेन खरा. पाचव्या शतकातला राजा, त्याचे ताम्रपट भरपूर मिळालेत. प्रवरपूर खरं. अचलपूरजवळच्या चम्मक इथे सापडलेला त्याच्या अठराव्या राज्यवर्षाचा ताम्रपट प्रवरपुराहून दिलेला आहे. त्याची आई प्रभावतीगुप्ता, दुसऱ्या चंद्रगुप्ताची मुलगी. ती रामगिरीच्या देवाची भक्त होती, रिद्धपूरचा तिचा ताम्रपट रामगिरिस्वामीच्या पायापाशी दिलेला आहे. आणि प्रवरसेनाच्या नावावर 'सेतुबंध' हे काव्य आहे, महाराष्ट्री प्राकृतातलं, विषय रामाचा. इथपर्यंत लेख बोलतो.

पुढची पायरी महामहोपाध्याय वासुदेव विष्णु मिराशींची. विदर्भाचा प्राचीन इतिहास आज आपल्या हातात आहे तो मोठ्या अंशी त्यांच्यामुळे. वाकाटकांच्या लेखांचा त्यांनी संपादित केलेला खंड १९६३ साली आला. मिराशींनी पवनारच्या शिल्पांत रामकथेतले प्रसंग ओळखले. नावातलं साम्य, शिल्पं, ताम्रपटांतली गावं हे सगळं जोडून पवनार म्हणजे प्रवरपूर असा सिद्धांत मांडला. नागपूर विद्यापीठानं १९६७ साली इथे उत्खनन केलं, शां. भा. देव आणि म. के. ढवळीकर यांनी. जुन्या वस्तीचे थर मिळाले. म्हणजे पवनार प्राचीन आहे यात शंका नाहीच.

पण राजधानी? इथे गोष्ट रंगतदार होते आणि नेमकी इथेच सहलीतला गाइड गप्प बसतो. रामटेकच्या जवळच मानसर आहे. तिथे १९९८ पासून मोठं उत्खनन झालं, जगत्पती जोशी आणि अ. कु. शर्मा यांच्या देखरेखीखाली. 'हिडिंबा टेकडी' म्हणतात तिथे विटांचं भव्य बांधकाम बाहेर आलं. ते बौद्ध आहे असं काहींचं मत. हान्स बाकर हे डच विद्वान आणि आणखी काही अभ्यासक म्हणाले, हे प्रवरेश्वराचं शिवालय आहे. प्रवरेश्वराच्या देवळाचा उल्लेख वाकाटकांच्या ताम्रपटांत येतो. म्हणजे प्रवरपूर इथे, नंदिवर्धनाच्या म्हणजे नगरधनच्या शेजारी. पवनारची शिल्पं रामकथेचीच आहेत का, यावरही पुढे वेगळी मतं मांडली गेली.

आता वर्ध्यात उभं राहून हे बोलणं सोपं नाही, आम्हाला कल्पना आहे. आपल्या गावाची राजधानी दुसऱ्या जिल्ह्यात चाललीय असं वाटतं ना! पण थोडा विचार करा. एखादा गाइड पवनारच्या पुलावर उभा राहून म्हणाला, "इथे राजधानी होती असं मिराशींनी मांडलं, त्यांची कारणं ही. मानसर होती असं बाकर म्हणतात, त्यांची कारणं ही. दुपारी आपण मानसरला जाणारच आहोत, तिथे तुमच्या डोळ्यांनी बघा आणि गाडीत सांगा तुम्हाला काय पटलं." तर त्या दिवसाला केवढा अर्थ येईल! दोन ठिकाणं एका प्रश्नानं बांधली जातील. सहलीचं पत्रक दोन्ही ठिकाणं एकाच दिवशी दाखवतं आणि त्यांच्यातलं भांडण मात्र लपवतं. यापेक्षा मोठी संधी कुठली वाया घालवणार?

पवनारचा तिसरा आवाज तर अजूनच वेगळा आहे. विनोबा १९३८ साली इथे आले. आश्रमाच्या जमिनीत खणताना मूर्ती निघाल्या. त्यातलं एक शिल्प विनोबांनी राम-भरत भेटीचं म्हणून ओळखलं. त्याच्या काही वर्षं आधी, १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगातल्या गीता-प्रवचनांत ते राम-भरत भेटीच्या चित्राबद्दल बोलले होते. मनातली मूर्ती जमिनीतून वर आली, असं त्यांना वाटलं. ते शिल्प तिथेच प्रतिष्ठित झालं, भरत-राम म्हणून. पुढे १९५९ साली ब्रह्मविद्या मंदिर सुरू झालं आणि तिथल्या बहिणींनी ती जागा सांभाळली.

आता सांगा, या मूर्तीचा अर्थ कुठला खरा? पाचव्या शतकात शिल्पकारानं काय घडवलं, हा एक प्रश्न. विसाव्या शतकात एका साधकानं त्यात काय पाहिलं, हा दुसरा. पहिल्याचं उत्तर उद्या बदललं, तरी दुसऱ्याला धक्का लागत नाही. हे समजावून सांगितलं तर लोकांना बरोबर कळतं. कोणाच्या भावना दुखावत नाहीत. उलट सगळं एकत्र घोटलं, की मग नवं संशोधन आलं म्हणजे लोकांना तो श्रद्धेवरचा हल्ला वाटतो. हा धोका गाइडच्या त्या एका दमातल्या चार वाक्यांनी तयार केलेला असतो.

केळझरचंही असंच. सिद्धिविनायकाची टेकडी, विदर्भातल्या अष्टविनायकांपैकी एक. हीच महाभारतातली एकचक्रानगरी, भीमानं बकासुराला इथे मारलं, असं सांगतात. आता एकचक्रा बिहारमधल्या आऱ्याचेही लोक आपली म्हणतात आणि बंगालमधल्या बीरभूमचेही. म्हणून केळझरची कथा खोटी ठरते का? मुळीच नाही. आपल्या टेकडीला महाभारताशी जोडून घेण्याची गरज केळझरला वाटली, आऱ्यालाही वाटली. मानसरच्या विटांच्या ढिगाला लोकांनी हिडिंबेचं नाव दिलं. जुनं, प्रचंड, कोणी बांधलं ते आठवत नाही असं काही दिसलं, की आपला समाज तिथे भीमाला नेऊन उभा करतो. ही माहितीसुद्धा इतिहासच आहे, लोकांच्या स्मरणाचा. फक्त ती 'लोक सांगतात' या शब्दांनी सुरू व्हायला हवी. दोनच शब्द, पण सहलींमधून नेमके तेच गळतात.

आता रामटेक. गडावरच्या राममंदिरात गर्दी असते. तिथून थोड्याच अंतरावर केवल-नृसिंहाचं देऊळ आहे, वाकाटककाळातलं, साधं, ठेंगणं, आत बसलेला भव्य नृसिंह. 'शांत मंदिर' म्हणाल तर हेच. बहुतेक सहली इथे दहा मिनिटं थांबतात. आणि इथे सांगण्यासारखं केवढं आहे! या देवळाच्या भिंतीतला शिलालेख चुन्याच्या थराखाली दडलेला होता. १९८०च्या दशकात तो थर निघाला आणि लेख दिसला. बराच झिजलेला, तुटलेला. पण अभ्यासकांनी जे वाचलं त्यावरून असं दिसतं, की प्रभावतीगुप्तेच्या मुलीनं आईच्या पुण्यासाठी हे देऊळ उभारलं आणि देवाला आईचं नाव दिलं, प्रभावतीस्वामी. एका लेकीनं आईसाठी बांधलेलं देऊळ, दीड हजार वर्षांपूर्वीचं, आपल्या विदर्भात! आणि अलीकडे नगरधनला राज्याचं पुरातत्त्व खातं आणि डेक्कन कॉलेज यांच्या उत्खननात मातीची एक मुद्रा मिळाली, प्रभावतीगुप्तेच्या नावाची, शंखाचं चिन्ह असलेली. नवरा गेल्यावर मुलांच्या वतीनं राज्य चालवणारी ही बाई. तिची मुद्रा एका ठिकाणी, मुलीचा लेख सहा-सात किलोमीटरवर दुसऱ्या ठिकाणी. ही जोडणी सहलीत का करत नाहीत?

पण आम्हाला त्या चुन्याच्या थराकडे लक्ष वेधायचंय. कोणीतरी कधीतरी चांगल्या भावनेनं भिंतीला चुना दिला. त्यानं लेख झाकला गेला. आज आपण चुना देत नाही, आपण ऑइलपेंट देतो. गावोगावच्या जुन्या देवळांना आतून चकचकीत टाइल्स, खांबांना चंदेरी रंग, वर सिमेंटचं शिखर, बाहेर स्टीलचं रेलिंग. यामागेही श्रद्धाच असते, कोणी वाईट हेतूनं करत नाही. पण "हे हेमाडपंती, यादवांनी बांधलं" एवढ्यावर गोष्ट संपली असेल, तर भिंतीवर अजून काही वाचायचं शिल्लक आहे असं देवस्थान समितीला वाटणार तरी कसं? जिथे प्रश्न उरलेले नसतात, तिथे रंग द्यायला काय हरकत? म्हणून आम्ही म्हणतो, की गाइडच्या वाक्यावर भिंतीचं भवितव्य काही प्रमाणात अवलंबून असतं.

आता त्या 'शांत' शब्दाकडे येऊ.

देऊळ शांत का असतं? पत्रकात असं भासवतात, की शांतता हा त्या जागेचा स्वभाव आहे. आम्हाला वाटतं, शांततेला कारणं असतात आणि ती सांगायला हवीत. कोह केर दहाव्या शतकात काही वर्षं राजधानी होतं. राजधानी परत अंगकोरला गेली, म्हणून ते ओस पडलं. पण विसाव्या शतकात ते शांत होतं यादवीमुळे आणि जमिनीत पेरलेल्या सुरुंगांमुळे. त्या शांततेत चोर काम करत होते. तिथल्या प्रासात चेन या देवळात भीम आणि दुर्योधन समोरासमोर गदा घेऊन उभे होते. दोघांचेही पाय चौथऱ्यावर राहिले आणि धड परदेशी गेली. दुर्योधन न्यूयॉर्कच्या लिलावघरात पोचला, भीम कॅलिफोर्नियातल्या संग्रहालयात. तुटलेले पाय जागेवर होते म्हणून पुरावा मिळाला. २०१४ साली दोघेही परत आले. बान्ते छमारला तर १९९८च्या सुमारास कोरीव भिंतच्या भिंत कापून ट्रकमध्ये भरून सीमेपलीकडे नेली होती. 'गर्दीपासून दूर' म्हणजे 'कोणी बघत नाही' असाही अर्थ होतो, हे यावरून कळतं.

आपल्याकडचं कारण वेगळं, पण कारण आहेच. राजधान्या हलल्या, नदीवरच्या वाटा मोडल्या, मोठे रस्ते दुसरीकडून गेले. आणखी एक कारण कायद्यातलं. संरक्षित स्मारकाभोवती शंभर मीटरपर्यंत नवं बांधकाम करता येत नाही, त्यापुढे दोनशे मीटरपर्यंत परवानगी लागते. १९५८च्या कायद्यात २०१० साली झालेली ही दुरुस्ती. स्मारकासाठी ती गरजेची आहे, आमचा विरोध नाही. पण पर्यटकाला जी मोकळी, निवांत जागा दिसते, तिची किंमत कुणाच्या तरी वाढत्या कुटुंबानं खोली न बांधून मोजलेली असते. सहलीत हे कधी ऐकलंय? गावातली माणसं सहलीत दिसतात ती चहा देताना, नाहीतर फोटोच्या चौकटीतून बाजूला व्हायला सांगितल्यावर.

शिवाय ही देवळं शांत असतात ती आपण जातो त्या रविवारी. महाशिवरात्रीला नदीकाठच्या कुठल्याही जुन्या महादेवाला जाऊन बघा, पाय ठेवायला जागा नसते. पवनारला दर १२ फेब्रुवारीला मेळा भरतो. म्हणजे देऊळ शांत नाही, आपण निवडलेला दिवस शांत आहे. गर्दीचा दिवस टाळून गेलो, तर त्या देवळाचं निम्मं आयुष्य आपण पाहिलंच नाही.

मग चांगली सहल कशी असावी? समीक्षकानं नुसते दोष काढू नयेत, म्हणून थोडं ठोस बोलतो.

पहिलं, ठिकाणं कमी करा. वर्धा ते रामटेक आणि परत हा अडीचशे किलोमीटरच्या आसपासचा प्रवास आहे. दहा तासांतले पाच-सहा गाडीतच जातात. त्यात पाच ठिकाणं म्हणजे प्रत्येक ठिकाणी दर्शन, फोटो आणि शौचालय. दोनच करा. एका दिवशी पवनार आणि मानसर, एकच प्रश्न घेऊन. दुसऱ्या दिवशी नगरधन आणि केवल-नृसिंह, मायलेकींसाठी.

दुसरं, उन्हाची वेळ पाळा. माथ्यावर सूर्य असताना झिजलेलं शिल्प सपाट दिसतं. सकाळी किंवा उतरत्या उन्हात तेच उठून येतं. गाभाऱ्यात अंधार असेल तर बॅटरी समोरून मारू नका, बाजूनं तिरकी धरा. अक्षराचा खाचा दिसायला लागतो. हात लावू नका, खडू-पावडर तर मुळीच नको.

तिसरं, गाइडला 'कशावरून?' विचारा. भांडायला नाही, खरंच जाणून घ्यायला. लेखावरून, दगडावरून, की लोक सांगतात म्हणून? तिन्ही उत्तरं मान्य आहेत. उत्तरच नसेल, तर तेही आपल्याला कळतं.

चौथं, गावातल्या माणसाला बोलू द्या आणि त्याचं मानधन सहलीच्या शुल्कात धरा. बान्ते छमारला गावकऱ्यांनी मिळून घरगुती मुक्काम आणि वाटाड्ये यांची व्यवस्था उभी केली आहे, पाहुण्यांचा पैसा गावात राहतो. आपल्याकडे पुजारी, गुरव, देवळाच्या आवारात खेळत मोठी झालेली मावशी, यांना त्या जागेबद्दल जे माहीत असतं ते शहरातल्या गाइडला नसतं. कुठला दगड कधी हलवला, कुठल्या साली पूर आला, मूर्ती आधी कुठे होती. हे कुठल्याच पुस्तकात नाही.

आणि शेवटचं, जिथे बघायला काही नाही तिथेही एकदा थांबा. आपल्याच जिल्ह्यातलं देवळी. तिथला राष्ट्रकूट तिसऱ्या कृष्णाचा ताम्रपट, शके ८६२, म्हणजे इसवी सन ९४०. त्यात नागपूर-नंदिवर्धन या प्रदेशाचं नाव आहे. नागपूर हे नाव एक हजार वर्षांपूर्वी लिहिलेलं, आणि ते मिळालं वर्धा जिल्ह्यात! देवळीच्या एखाद्या चौकात गाडी थांबवून हे पाच मिनिटं सांगता येईल. फोटो मिळणार नाही, पण गाडीत बसलेला प्रत्येक जण ते विसरणार नाही.

इथे थांबतो. प्रश्न असतील तर घेऊ.

एक श्रोता : तुम्ही म्हणता तसं दर ठिकाणी 'असं एक मत आहे, तसं दुसरं मत आहे' म्हटलं, तर लोक पैसे देऊन कशाला येतील? लोकांना गोष्ट हवी असते.

बरोबर आहे, गोष्ट हवीच. पण शोधाचीही गोष्ट असतेच ना. चुन्याखाली लेख सापडतो, तुटलेल्या पायांवरून दुर्योधन परत येतो, एका राजधानीवर दोन गावांचा दावा असतो. यात कमी नाट्य आहे का? आम्ही तर म्हणू, तयार उत्तरापेक्षा हे जास्त रंगतं. फक्त गाइडला थोडं जास्त वाचावं लागेल, आणि त्याला त्याचे पैसेही जास्त द्यावे लागतील. तीनशे रुपयांत पाच देवळं आणि जेवण हवं असेल, तर मग 'हेमाडपंती'च मिळणार.

दुसरी श्रोती : आमच्या गावातल्या देवळाला पुढच्या महिन्यात रंग द्यायचं ठरलंय. वर्गणी जमा झालीय. आता थांबवायला कसं सांगायचं?

ताई, थांबवा असं सांगू नका, वाद होईल आणि तुम्ही एकट्या पडाल. आधी एवढंच करा. देऊळ संरक्षित यादीत आहे का ते पुरातत्त्व खात्याकडे विचारून घ्या. असेल, तर परवानगीशिवाय रंग देता येणारच नाही. नसेल, तर रंगाच्या आधी एका सकाळी समितीच्या दोघा-तिघांना घेऊन आत जा. तिरकी बॅटरी धरून चारही भिंती, चौकटी, खांबांचे खालचे भाग बघा. फोटो काढून ठेवा. कुठे अक्षर दिसलं, कोरीव रेघ दिसली, तर तेवढा भाग सोडून बाकीचं रंगवा म्हणा. वर्गणी दिलेल्यांनाही ते पटेल. आपल्या देवळात काहीतरी लिहिलेलं आहे, हे ऐकून कोणाला आनंद होणार नाही? आणि फोटो आम्हाला पाठवा. आम्हाला वाचता आला नाही, तर वाचणाऱ्यांपर्यंत पोचवू.